ऑगस्टिनाचा पुढचा प्रवास

एसी बंद पडला तेव्हा समरीन नाचघरात होती. म्हणजे नाचघराच्या फोटोसमोर.

जेद्दाच्या बलदमध्ये, जुन्या शहरातल्या एका डागडुजी केलेल्या घरात, लाल समुद्रात येऊन गेलेल्या जहाजांचं लहानसं प्रदर्शन होतं. समरीन तिथली गाइड. प्रदर्शनाची राणी होती ‘ऑगस्टिना’. शंभराहून जास्त वर्षांपूर्वी स्कॉटलंडमध्ये बांधलेलं, अटलांटिक ओलांडून श्रीमंतांना अमेरिकेला नेणारं जहाज. झुंबरं, संगमरवरी जिना, नाचणाऱ्या जोड्या... ही भिंत आली की समरीनचा आवाज आपोआप हळुवार व्हायचा. पण त्या दिवशी सप्टेंबरातली दमट दुपार होती, पाहुणे वहीने वारा घेत होते आणि झुंबरांकडे कुणाचं लक्ष नव्हतं. पाच मिनिटांत सगळे पांगले. ती पायरीवर बसली आणि घरी फोन लावला.

“अम्मी, मी इथे शिजतेय गं. शेजारी बोंबील ठेवले तर तेही शिजतील.”

“सुके की ओले?” वरून आवाज आला.

ती दचकली. दुरुस्तीला बोलावलेला एक तरुण कधी येऊन शिडीवर चढला, तिला कळलंच नव्हतं. निळा गणवेश, दातांत स्क्रूड्रायव्हर... तो काढून त्याने हातात घेतला आणि जणू काही बोललोच नाही अशा चेहऱ्याने पुन्हा एसीत डोकं घातलं.

तिने फोन ठेवला. “दुसऱ्याचं बोलणं ऐकतात का असं?”

“मराठी कानावर पडलं, मॅडम. कान बंद करायचं बटण नाही मला.”

त्याचं नाव हम्माद. दापोलीजवळच्या हर्णैचा. एसी दुरुस्त करणाऱ्या एका कंपनीत नोकरीला. समरीनचं कुटुंब मुरुडचं, पण ती जन्मली, वाढली ती जेद्दातच. गाव तिला सुट्टीपुरतंच ठाऊक. थंड हवा सुटली तेव्हा तो शिडीवरून उतरला, हात पुसले आणि त्या भिंतीसमोर येऊन उभा राहिला. बराच वेळ बघत राहिला.

“मग पुढे काय झालं या आगबोटीचं?”

आगबोट... हा शब्द समरीनने फक्त आजीच्या तोंडी ऐकला होता. भिंतीवर शेवटी एकच ओळ होती – ‘नंतर हे जहाज विकण्यात आलं.’ तिने तीच वाचून दाखवली.

“कुणाला विकली?”

“ते... बघावं लागेल.”

“बघून ठेवा. मी फिल्टर साफ करायला येईन ना.” आणि तो गेला. जाताना दारात जरासा थबकला, मागे वळून हसला. समरीनने घाईघाईने दुसरीकडे बघितलं. पण तिने बघितलं, हे त्याने बघितलंच.

तिने खरंच शोधून काढलं. आणि तो खरंच फिल्टर साफ करायला आला. मग पुन्हा आला.

“परवाच तर साफ केलात,” ती म्हणाली.

“तो डावा होता. हा उजवा.”

“इथे एकच एसी आहे.”

“एकाच एसीला...” तो अडखळला, कान लाल झाले. “जाऊ दे. पुढे काय झालं ते सांगा.”

अशी ऑगस्टिनाची गोष्ट सुरू झाली. प्रदर्शन बंद झालं की समोरच्या चौकात, दगडी बाकावर, कागदी कपातला कडक, वेलचीचा करक चहा घेऊन ती दोघं बसायची आणि समरीन थोडी थोडी सांगायची. पहिलं महायुद्ध आलं. झुंबरं उतरवली, पांढऱ्या भिंतींना राखाडी रंग फासला. नाचघरात खाटा लागल्या आणि जिथे व्हायोलिन वाजायचं तिथे जखमी सैनिक कण्हू लागले. हम्माद चहा हातात तसाच धरून ऐकायचा. युद्ध संपलं तेव्हा बोट थकली होती, तिच्याहून वेगवान बोटी निघाल्या होत्या, श्रीमंतांना आता ती नको होती. मग मुंबईच्या एका कंपनीने स्वस्तात घेतली आणि हाजींना जेद्दाला आणू लागली.

“म्हणजे आमची माणसं,” तो एकदम म्हणाला. त्याच्या आजीची आई हर्णैहून मुंबईला आणि तिथून आगबोटीने हजला आली होती. सोबत तांदूळ, सुकी मासळी, लोणच्याची बरणी आणि स्वतःचं कफन. कोणत्या बोटीने, ते घरात कुणाला आठवत नव्हतं. “हीच असेल का हो?”

“कोण जाणे. असेलही.”

“असू दे. मी आजपासून हीच धरून चालतो.”

त्यानंतर समरीन गोष्ट लांबवू लागली. एका वादळाला दोन संध्याकाळी, कामरान बेटावर हाजींना उतरवून होणाऱ्या रोगतपासणीला आणखी दोन. शेवटाजवळ आलं की ती थांबायची. बोट संपली तर तो कशाला येईल... हा विचार मनात आला तशी ती स्वतःशीच लाजली. तो कधी ‘मॅडम’वरून ‘समरीन’वर आला आणि ‘तुम्ही’चं ‘तू’ कधी झालं, तिलाही कळलं नाही. एकदा कप घेताना बोटं बोटांना लागली. दोघांनीही हात मागे घेतला आणि चहा सांडला. मग कितीतरी वेळ दोघं त्या सांडलेल्या चहाकडेच बघत बसली.

प्रदर्शनाला वर्ष झालं. त्या संध्याकाळी छोटा कार्यक्रम ठरला, घरच्यांना बोलवायची मुभा होती. समरीनने हम्मादला बोलावलं. “काम म्हणून नाही, पाहुणा म्हणून ये,” ती म्हणाली. त्याचा चेहरा असा उजळला की तिला रस्ताभर हसू येत राहिलं.

तिच्या अम्मीने, खैरुन्निसाने, मात्र वेगळाच बेत केला होता. रियाधचं एक स्थळ कित्येक दिवस घोळत होतं. डॉक्टर शारीक. घर मूळचं रत्नागिरीचं, आता रियाधला मोठा बंगला. त्याची आई जेद्दाला आली होती, तर अम्मीने तिलाही प्रदर्शनाला आणलं. मुलगी चारचौघांत कशी बोलते, ते दिसावं म्हणून.

समरीन छान बोलली. नाचघर, झुंबरं, संगमरवरी जिना... रियाधच्या बाई समाधानाने मान डोलावत होत्या. तेवढ्यात हम्माद आत आला. कोरा पांढरा शर्ट, चापून बसवलेले केस, हातात मिठाईचा डबा. तो सरळ तिच्याकडे बघत आला. हसत आला. ते हसू असं होतं की खोलीतल्या कुणालाही वाचता आलं असतं.

रियाधच्या बाईंनी ते वाचलं. “हा कोण?” त्यांनी विचारलं.

अम्मी समरीनकडे बघू लागली. अम्मीसोबत आलेल्या तिच्या मैत्रिणी बघू लागल्या. आणि समरीनच्या तोंडून, तिने ठरवलेलं नसताना, अगदी सहज निघून गेलं –

“कुणी नाही. एसीवाला आहे. काहीतरी तक्रार असेल म्हणून कुणी बोलावलं असेल.”

हम्माद दोन पावलांवर होता. त्याने ऐकलं. त्याचं हसू लगेच गेलं नाही. ते काही क्षण तसंच चेहऱ्यावर राहिलं, कुठे ठेवावं ते न कळल्यासारखं. मग त्याने डबा खिडकीच्या कट्ट्यावर ठेवला. बाही दुमडली. एसीखाली गेला, हात उंच करून हवा लागते का ते बघितलं. एक बटण दाबलं, पुन्हा दाबलं.

“आता बरोबर आहे, मॅडम,” तो म्हणाला. आणि सावकाश बाहेर गेला.

त्याने तिचं खोटं सांभाळून घेतलं होतं. तिची लाज झाकायला तो आपल्या नव्या शर्टात एसीवाला झाला होता. त्याने चार शब्द सुनावले असते, डबा आपटला असता, तर समरीनला ते परवडलं असतं. हे नाही परवडलं. पुढचा सगळा कार्यक्रम तिने कसा उरकला, तिलाच माहीत नाही. आपला स्वतःचा आवाज कानावर पडला तरी तिला किळस येत होती.

फोन त्याने घेतला नाही. निरोप वाचले, उत्तर दिलं नाही. पुढच्या वेळी एसी बघायला दुसराच एक पोक्त माणूस आला. हम्मादने स्वतः मागून बदली घेतली, मदिनेच्या एका हॉटेलच्या कामावर गेला, असं त्याने सांगितलं. समरीन भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. झुंबरांखाली नाचणारी ती माणसं... त्यांना घेऊन ऑगस्टिना थोडीच वर्षं फिरली होती. हाजींना घेऊन त्याच्या दुपटीने. आणि आपण भिंतभर नाच लावला आणि बाकीचं सगळं एका ओळीत विकून मोकळे झालो. रोज वाचत होते की मी ती ओळ, तिला वाटलं. आपल्याला कधी खुपलीसुद्धा नाही.

आठवड्याच्या आत रियाधहून होकार आला. घरात आनंद झाला. समरीन मात्र उठून अब्बांच्या दुकानात गेली.

तिचे अब्बा, जलाल, बलदच्या एका गल्लीत नळ, पाइप, खिळे-मोळे विकायचे. तरुणपणी ते पाइप फिटर म्हणूनच या देशात आले होते. गिऱ्हाईक गेल्यावर ती स्टुलावर बसली आणि तिने सगळं सांगितलं. बाकावरचा चहा, ऑगस्टिना, पांढरा शर्ट, आणि आपण काय बोललो ते, शब्दन् शब्द. सांगताना तिची मान वर होत नव्हती.

जलाल नळाची तोटी कापडाने पुसत होते. पुसतच राहिले.

“त्या दिवशी मी दुकानातून तसाच आलो असतो,” ते शेवटी म्हणाले, “ह्या कपड्यांत... आणि त्या बाईंनी विचारलं असतं, हा कोण, तर तू काय सांगितलं असतंस?”

समरीनने त्यांच्या मळक्या बाहीकडे बघितलं. ‘माझे अब्बा’ असंच म्हणाले असते, हे तिला अगदी छातीवर हात ठेवून सांगता येईना, आणि त्याचीच तिला सर्वांत जास्त लाज वाटली. ती तिथेच, पाइपांच्या ढिगाशेजारी, ओढणीत तोंड लपवून रडली. जलालनी तिला रडू दिलं. मग दुकानाचं शटर अर्धं ओढलं आणि मदिनेची गाडी कधी असते ते विचारलं.

बाप-लेक मदिनेच्या गाडीत बसली. रियाधला नकार कळवायचं जलालनी आपल्याकडे घेतलं होतं. अम्मी रागावली होती, पण निघताना तिने डब्यात चपात्या भरून दिल्या होत्या. खिडकीबाहेर काळे डोंगर मागे पडत होते आणि समरीन मनात वाक्यं जुळवत होती. एकही धड जुळत नव्हतं.

त्या पोक्त माणसाकडून नाव कळलेल्या हॉटेलच्या लॉबीत उमऱ्याच्या यात्रेला आलेल्यांची गर्दी होती. काउंटरवरच्या माणसाने हिंदीत विचारलं, कोण हम्माद? एसीचं काम करणारा? तुमचं त्याच्याकडे काय काम? त्याच्या मागे दोघं-तिघं उभे होते, सगळे ऐकत होते.

“मी त्याची माफी मागायला आलेय,” समरीन म्हणाली. तिने आवाज खाली आणला नाही. “मी चारचौघांत त्याचा अपमान केला. त्याला बोलवा.”

तो गच्चीवरून आला. गणवेश भिजलेला, हात काळे. तिला पाहून तो लिफ्टच्या दारातच थांबला. ती त्याच्याजवळ गेली. जुळवलेलं सगळं विसरली होती.

“मी घाबरले,” ती म्हणाली. “नाही... घाबरले नाही. मला तुझी लाज वाटली, हम्माद. खरं ते हे. आणि त्या क्षणापासून मला माझी इतकी लाज वाटतेय की आरशात बघवत नाही.”

“माझ्यासोबत खोलीत राहणाऱ्या सगळ्यांना मी सांगितलं होतं,” तो हळू म्हणाला. “पाहुणा म्हणून बोलावलंय मला. त्यांनीच शर्टाला इस्त्री करून दिली. परत आल्यावर विचारलं, कसा झाला कार्यक्रम? मी म्हटलं, छान. सरबत होतं... मला तुझा राग आला नाही, समरीन. तो आला असता तर बरं झालं असतं. मी इकडे येऊन रोज हात घासत होतो. तुझी लाज मला लागली.”

तिचे डोळे भरून आले. तिने पुसले नाहीत.

“माफ कर असं म्हणायची हिंमत नाही मला. पण एक सांगायचं राहिलंय. बोटीचं.” तिने श्वास घेतला. “शेवटी मोडीतच गेली ती. मुंबईत तोडली. पण त्याआधी, दर फेरीला, जेद्दाबाहेर उभी राहायची. प्रवाळामुळे आत येता यायचं नाही. लहान होड्यांतून उतरवायचे हाजींना. आणि माणसं बोटीला हात लावून उतरायची... आभार मानल्यासारखी. एका डॉक्टरने लिहून ठेवलंय. मी आता हे सगळं सांगते, आलेल्या प्रत्येकाला. नाचघर शेवटी दाखवते, तेही वेळ उरला तर.”

“आणि हे मला का सांगत नव्हतीस?”

“संपली असती ना गोष्ट. तू आला नसतास मग.”

“वेडी आहेस.” त्याचा आवाज बदलला. खूप दिवसांनी तो तिच्याकडे नीट बघत होता. “एसी एकच आहे हे मला पहिल्या दिवसापासून दिसत होतं की.”

ती रडता रडता हसली. तोही... अगदी थोडा. मग गंभीर झाला.

“एकदम विसरता नाही यायचं मला.”

“विसरू नकोस. पण... माझ्याशी लग्न करशील?”

तिच्या तोंडून ते निघून गेलं आणि ती कानापर्यंत लाल झाली. हम्माद खाली बघत राहिला. मग म्हणाला, “हे मी विचारायचं असतं. तुझ्या अब्बांना.”

“ते तिथे बसलेत.”

त्याने लॉबीच्या टोकाला बघितलं. डबा मांडीवर घेऊन बसलेले जलाल इकडेच बघत होते. हम्माद गडबडला, आपले काळे हात मागे लपवले. हात धुऊन येतो, कपडे बदलून येतो, म्हणू लागला. समरीनने त्याची भिजलेली बाही धरली आणि सोडली नाही. सगळ्या गर्दीतून, काउंटरवरून, बघणाऱ्यांच्या मधून ती त्याला घेऊन आली.

“अब्बा,” ती म्हणाली, “हा हम्माद.”

जलालनी डबा खुर्चीवर ठेवला. गुडघ्यांवर हात टेकून सावकाश उठले, मोठ्या माणसासाठी उठावं तसे, आणि त्याचा तो काळा हात त्यांनी आपल्या दोन्ही हातांत घेतला.