आजोबांच्या वाट्याचं वजन

फोन आला तेव्हा विमानतळावरच्या चौकीत इन्स्पेक्टरबाई टेबलाखाली बूट काढून बसल्या होत्या. सुट्टीच्या हंगामाचा शेवटचा रविवार. समुद्रकिनाऱ्यावर लोळून, उन्हानं भाजून निघालेलं अख्खं जग आजच घरी निघालं होतं आणि जाताना प्रत्येकाला काही ना काही तक्रार करायचीच होती. सकाळपासून बाईंचं डोकं नुसतं भणभणत होतं.

"बाई, सात नंबरच्या गेटवर या," हवालदारकाका म्हणाले. "एक आजोबा नाहीसे झालेत. व्हीलचेअर आहे, आजोबा नाहीत."

"चेअर कुठे सापडली?"

"वरच्याच मजल्यावर, तपासणीच्या अलीकडे, टॉयलेटपाशी."

बाईंनी सुजलेले पाय पुन्हा बुटांत कोंबले. कुठून दुर्बुद्धी झाली आणि ही वर्दी अंगावर चढवली, असं त्या दिवसातून एकदा तरी म्हणत. आज हे तिसऱ्यांदा.

गेटवर गर्दी जमली होती. आजोबांचा मुलगा तावातावानं बोलत होता, सून सारखी घड्याळ बघत होती, आणि व्हीलचेअर ढकलणारी भिंगरी भिंतीला टेकून रडत होती. दिवसभर प्रवाशांना घेऊन गरागरा फिरते म्हणून सगळे तिला भिंगरी म्हणत. मॅनेजरनं तिच्या गळ्यातला पास आधीच काढून घेतला होता. पास गेला की विमानतळात पाऊल टाकता येत नाही, आणि भिंगरीच्या घरात कमावती तीच एकटी.

"आजोबांना शेवटचं कुठे पाहिलंत?" बाईंनी मुलाला विचारलं.

"काउंटरवर. ही म्हणाली, तुम्ही व्हा पुढे, मी बाबांना लिफ्टनं आणते. आम्ही विश्वास ठेवला."

"खोटं आहे!" भिंगरी उसळली. "तुम्हीच म्हणालात, बाबांना मी नेतो, तुमच्यामागे कितीजण खोळंबलेत. आज आमच्यातल्या दोघी रजेवर आहेत, बाई. मी चेअर देऊन टाकली. नातेवाइकांकडे द्यायची नाही असा नियम आहे, माहीत होतं मला. तरी दिली."

"कॅमेरा?" बाईंनी काकांना विचारलं.

"लिफ्टसमोरचा ना? खाऱ्या हवेनं कधीच आंधळा झालाय. दुरुस्तीचं आपलं उद्या, परवा चाललंय. वरचा मजला मात्र आम्ही कोपरा न् कोपरा पालथा घातला. आजोबा कुठेच नाहीत."

"कसला विमानतळ आहे हा!" मुलगा कडाडला. "आधी काउंटरवर जादा वजनाचे पैसे उकळलेत, वर माझा बाप हरवलात! विमान सुटायला आलंय. आमची रजा संपली, घरी मुलं एकटी आहेत. आम्ही निघतो, बाबा सापडले की कळवा."

"जरा थांबा." बाई सुनेकडे वळल्या. "त्यांना आजार काही?"

"विसरतात हो. जेवले की नाही, तेही आम्हीच सांगायचं. शिवाय साखर आहे, रक्तदाब आहे."

"मग औषधं तुमच्याकडे असतील. ती आमच्याकडे ठेवून जा, सापडल्यावर लागतील."

"त्याची काळजी नको, त्यांच्याच पिशवीत आहेत. महिनाभराची भरून दिलीत."

नवऱ्यानं तिच्याकडे असं काही पाहिलं की तिनं एकदम ओठ मिटले.

बाईंचा फोन थरथरला. शेजारणीचा निरोप होता. आई पुन्हा दार उघडून जिन्यात गेल्या होत्या, आत आणून बसवलंय. बाईंनी 'निघाले' असं लिहून पाठवलं. त्या मुळीच निघाल्या नव्हत्या. हे असलं खोटं गेलं वर्षभर त्या रोज लिहीत होत्या.

मग त्यांनी काउंटरवर फोन लावला. तिथली मुलगी पटापट बोलणारी निघाली.

"चार बॅगा होत्या, बाई. दोन मुलाच्या नावावर, दोन सुनेच्या. चारही जड. मी म्हटलं, आजोबांच्या वाट्याचं वजन रिकामं आहे, त्यात एक टाकते. तर साहेब नकोच म्हणाले. मुकाट्यानं पैसे भरले."

बाईंनी डोळे मिटून घेतले. त्यांना राग आला होताच, पण त्याहून जास्त थकवा आला होता. कारण आता त्यांना सगळं कळलं होतं आणि नसतं कळलं तर बरं झालं असतं, असं वाटत होतं.

"काका, खाली जा. बाहेरगावची माणसं उतरून बाहेर पडतात ना, त्या दारापाशी. तिथले बाक बघा."

"आगमनात? अहो बाई, आजोबा निघालेत, आलेले नाहीत!"

"म्हणूनच तिथे कुणी शोधलं नाही."

मुलाचा चेहरा उतरला. बाई त्याच्यासमोरच्या खुर्चीत बसल्या.

"माझी आई बरोबर असली की आमची सगळ्यात जड बॅग तिच्या नावावर चढते," त्या म्हणाल्या. "सगळी दुनिया हेच करते. म्हातारं माणूस म्हणजे फुकटचं वजन. तुम्ही मात्र ते वजन सोडून गाठचे पैसे भरलेत. का?"

त्यानं नजर काचेबाहेरच्या विमानाकडे वळवली.

"मी सांगते. जो माणूस विमानात चढत नाही त्याच्या नावावरची बॅग पोटातून शोधून खाली काढतात. विमान थांबतं, चौकशी होते. तुम्ही नेहमी फिरणारे, तुम्हाला हे पाठ. वडील चढणार नाहीत हे काउंटरवर उभं असतानाच ठरलेलं होतं, म्हणून त्यांच्या नावावर रुमालसुद्धा ठेवला नाहीत. भिंगरीकडून चेअर घेतलीत, लिफ्टनं खाली गेलात, त्यांना बाकावर बसवलंत आणि रिकामी चेअर वर आणून सोडलीत. हरवल्याचा ठपका तिच्या माथी. बाकी एकच गोष्ट राहिली होती, ती तुमच्या मिसेस बोलून गेल्या. जेवल्याचं ज्याला आठवत नाही, त्याच्या हातात कुणी महिनाभराच्या गोळ्या देतं का? त्याला मागे ठेवायचं असेल तरच देतं."

सून हुंदके देऊ लागली. "सात वर्षं केलं हो मी त्यांचं! रात्र रात्र झोप नाही. इथे चांगले आश्रम आहेत म्हणे. कुणीतरी नेऊन ठेवेल, असं वाटलं."

"मी थकलो होतो," मुलगा इतकंच म्हणाला.

"थकलात ते समजलं," बाई म्हणाल्या. "देवाशपथ समजलं. पण तुमच्या थकव्याचं ओझं या पोरीच्या गळ्यात का बांधलंत?"

तेवढ्यात काकांचा फोन आला. "आहेत, बाई! पण जागचे उठत नाहीत. म्हणतात, मुलगा आल्याशिवाय हलणार नाही."

सगळे खाली गेले. नावांच्या पाट्या धरून उभ्या असलेल्या ड्रायव्हरांच्या मागे, बाकाच्या टोकाला आजोबा ताठ बसले होते. मांडीवर पिशवी, तिच्यावर दोन्ही हात. मुलगा दिसताच त्यांचा चेहरा उजळला.

"आलास? मी हललो नाही हं. दोघातिघांनी विचारलं, मी सांगितलं, मुलगा येतोय माझा." मग त्यांनी त्याला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. "किती दमलायस रे. बस इथे."

आणि इतका वेळ न हललेले आजोबा बाकावर बाजूला सरकले, त्याला जागा करून दिली.

मुलगा बसला आणि दोन्ही हातांत तोंड लपवून रडू लागला. आजोबा त्याच्या पाठीवरून हात फिरवत राहिले. काय झालंय ते त्यांनी विचारलंसुद्धा नाही.

"तक्रार लिहायची ना?" काकांनी हळूच विचारलं.

"लिहायची, तुम्हीच लिहून घ्या. पण त्याला रडून होऊ दे."

मॅनेजरकडून पास मागून बाईंनी तो भिंगरीच्या गळ्यात घातला. "चेअर आण. आजोबांना माझ्या खोलीत ने."

"आणते. आणि आता देवानं मागितली तरी हातची सोडणार नाही," भिंगरी नाक पुसत म्हणाली.

बाईंनी शेजारणीला फोन लावून आईला द्यायला सांगितलं.

"कोण?" पलीकडून आवाज आला.

"मी गं, आई." कुठे जाऊ नकोस, जागची हलू नकोस, हे रोजचं वाक्य ओठांवर आलं होतं. बाईंनी ते गिळलं.

"निघाले," त्या म्हणाल्या, आणि आज खरंच निघाल्या.