काकूंचं बेट

दिवा राहू दे लावलेला, मला त्याने काही फरक पडत नाही. मोबाइल तेवढे पालथे घाला. गोष्ट ऐन रंगात आली की एखाद्याचं तोंड अंधारात निळं उजळतं आणि माझा धागा तुटतो. आणि हसू नका. भुताखेतांवर विश्वास ठेवणारा मी माणूस नव्हे, हे तुम्हालाही ठाऊक आहे. पण ज्याच्यावर हे गुदरलं तो माझ्या शेजारच्या गाळ्यात बसतो, आणि त्याला थापा मारता येत नाहीत. येत असत्या तर त्याचा धंदा याहून बरा चालला असता.

त्याचं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान. चष्म्याच्या काचा बाटलीच्या बुडासारख्या, म्हणून सगळा बाजार त्याला ढापण्या म्हणतो. वय पस्तिशीच्या पुढे, माणूस एकटा. आई होती ती गेली, लग्न जमता जमता राहिलं, मग त्याने तो विषयच सोडून दिला. दुकानाच्या वरच्या खोलीत राहतो. रात्री जिना चढला की सकाळी उतरेपर्यंत त्याच्याशी बोलायला चिटपाखरू नाही. म्हणूनच तो दुकान उशिरा बंद करतो, आणि ‘घरी येऊन करून द्या’ असं कुणी म्हटलं की कधी नाही म्हणत नाही. गिऱ्हाइकाच्या घरी निदान दोन माणसांचा आवाज तरी कानावर पडतो.

तर गेल्या नोव्हेंबरातली अमावास्या. शुक्रवार होता. दिवेलागणीला त्याला बेकरीवाल्या काकांचा फोन आला.

“जरा येऊन जाल का? हिचा खेळ पहिल्यापासून लावून द्यायचाय.”

काकांचं सगळं आयुष्य बेकरीत गेलेलं. पहाटे तीनला उठून भट्टी पेटवायची, म्हणजे संध्याकाळी आठला अंथरूण धरायचं. काकूंची गत उलटी, त्यांना रात्री झोप यायची नाही. पोरबाळ नाही, नवरा भिंतीपलीकडे घोरतोय, त्या बिचारीने करायचं तरी काय? मग केव्हातरी घरात एक जुना कॉम्प्युटर आला, आणि त्यात काकूंना एक खेळ सापडला. मारामारीचा नव्हे. एक ओसाड बेट असतं. होडीतून आपलं माणूस तिथे उतरतं, झोपडी बांधतं, जमीन खणतं, झाडं लावतं. एवढंच. काका झोपले की काकू बेटावर. आवाज पूर्ण बंद आणि स्क्रीन मंद, कारण दाराच्या फटीतून उजेड जाऊन काकांची झोप मोडली तर दिवसभर त्यांचं डोकं दुखायचं. तीन वाजले की काकांना उठवायचं आणि मग आपण आडवं व्हायचं. असा त्यांचा संसार, आणि तो सुखाचा होता बरं का. काकांनी बेकरी सोडली तरी घड्याळ काही बदललं नाही. उन्हाळ्यात काकू गेल्या.

ढापण्या गेला तेव्हा काका दार उघडूनच उभे होते. चौथा मजला, दोन खोल्या. आतल्या खोलीत पलंग, बाहेरच्या खोलीत खिडकीशी कॉम्प्युटर आणि त्याच्यापुढे एक खुर्ची. काकांनी चहा टाकला आणि खेळ सुरू करून दाखवला.

ढापण्या बघतच राहिला. ओसाड बेट कुठलं, ते गावच होतं! फळबाग, तळं, तळ्यावर लाकडी पूल, वाटेवर दोन्ही बाजूंनी कंदील. सगळं हातानं एकेक करून लावलेलं. घराच्या दाराशी निळ्या टोपीतली एक छोटी बाई उभी होती. वाऱ्याने तिची टोपी हलायची, ती हात वर करून टोपी नीट करायची आणि पुन्हा तशीच उभी.

“ही तिची बाई,” काका म्हणाले. “रोज संध्याकाळी उघडतो आणि बघत बसतो. हात लावत नाही. एकदा लावला आणि चुकून तळ्यात घातली तिला. बाहेर काढता येईना. रात्रभर जीव थाऱ्यावर नव्हता माझा.”

“मग निघाली कशी?”

“सकाळी खालचा पेपरवाला आला, त्याने काढली. हसला लेकाचा.”

ढापण्यालाही हसू आलं, पण काकांचा चेहरा बघून त्याने ते चहाबरोबर गिळलं.

“शेजारी झोपलेली असायची असं मी धरून चाललो इतकी वर्षं,” काका म्हणाले. “आणि ही रात्रभर इथे. कुठे जायची, काय करायची, मी कधी विचारलंच नाही हो. आता मला जायचंय. पण ही जिथून आत शिरली तिथून. पहिल्या दिवसापासून.”

अडचण अशी होती की त्या खेळात एकाच माणसाची जागा. नवा डाव मांडायचा तर जुनी प्रगती पुसायला हवी, आणि कसं चालायचं, कसं खणायचं हा धडा खेळ फक्त नव्या डावालाच देतो. काकांना सेटिंगही मूळची हवी होती. त्यांना मंद स्क्रीनवर दिसत नव्हतं, आणि समुद्राचा आवाज ऐकायचा होता.

“पण हिचं जपून ठेवा,” त्यांनी ढापण्याचं मनगट धरलं. “दुसरं काही उरलेलं नाही माझ्याकडे. साड्या बहिणी घेऊन गेल्या. फोटोत ही डोळे मिटते. हे एवढंच आहे.”

“काका, निर्धास्त राहा. आधी नक्कल काढतो, मग पुसतो. आमच्या धंद्यातला पहिला नियमच तो.”

आणि त्याने नक्कल काढली. काकूंच्या स्क्रीनवर खेळाच्या नावाचं फोल्डर होतं, ते पेनड्राइव्हवर घेतलं. पेनड्राइव्हवरून उघडून पाहिलं. सगळं होतं आत. काकांनाही दाखवलं. वाफाळत्या चहाने चष्म्यावर धुकं धरलं होतं, ते पुसायचाही त्याला धीर नव्हता.

मग त्याने खेळातलं ते बटण दाबलं. समोर इंग्रजीत प्रश्न आला: सगळी प्रगती आणि सेटिंग कायमची पुसली जाईल. खात्री आहे?

काका उठले. “माझ्या देखत नको. मी आत पडतो. झालं की उठवा.” आणि आतलं दार लोटून घेतलं.

ढापण्याने ‘हो’ दाबलं. निळ्या टोपीतली बाई, तळं, पूल, कंदील... झालं. काळी स्क्रीन.

पुढे खेळाला नव्याने बरंच काही उतरवून घ्यायचं होतं, आणि त्या घरचं इंटरनेट गोगलगाईला लाजवणारं. पण ढापण्याला कसली घाई! खुर्चीत बसल्या बसल्या त्याने आतलं घोरणं ऐकलं आणि त्याला बरं वाटलं. आपण काम करतोय आणि भिंतीपलीकडे कुणीतरी झोपलंय, हे त्याच्या वाट्याला कित्येक वर्षांत आलं नव्हतं. खालचा रस्ता निवला. समोरच्या इमारतीतले दिवे गेले. त्याला डुलकी लागली.

जाग आली ती लाटांच्या आवाजाने. खेळ तयार होता. लख्ख स्क्रीन, सकाळचा समुद्र, किनाऱ्याला रिकामी होडी. मधोमध एक चौकट, इंग्रजीत विचारलेलं: तुमचं नाव? हे काकांनीच लिहावं, म्हणून त्याने ती मोकळी ठेवली. त्यांना उठवण्याआधी सहज, अगदी सहज, त्याने पेनड्राइव्हवरची नक्कल उघडली.

उघडेना.

पुन्हा. उघडेना. मूळ जागा सापडत नाही, असं कॉम्प्युटर म्हणत होता. त्याने चष्मा पुसला आणि स्क्रीनला नाक लावलं. फोल्डरच्या कोपऱ्यात बारीकसा बाण होता. शॉर्टकट! त्याने घर म्हणून जे उचललं होतं, ती घराच्या पत्त्याची चिठ्ठी होती. मघाशी उघडलं ते एवढ्यासाठीच, की पत्त्यावरचं घर तेव्हा उभं होतं. ते आता त्यानेच पाडलं होतं. नक्कल करायलाही अक्कल लागते म्हणतात, ते काही खोटं नाही.

पुसलेलं परत आणायची जेवढी औषधं त्याच्याजवळ होती तेवढी त्याने करून पाहिली. काही नाही. त्या डिस्कवरून गेलेलं परत येत नाही, आणि ती डिस्क त्यानेच कधीतरी बसवून दिली होती, वेगवान म्हणून.

माणसाने एकच गोष्ट मागितली होती. एकच! आता त्यांना उठवून काय सांगायचं? काकू एकदा गेल्या होत्या, आज त्याच्या हातून दुसऱ्यांदा गेल्या. खोटं बोलावं असंही त्याच्या मनात येऊन गेलं. नक्कल दुकानात जपून ठेवतो म्हणावं. काकांना कुठे कळणार आहे? डोकं धरून तो तसाच बसला.

आणि मग त्याच्या लक्षात आलं, लाटा हळू झाल्या आहेत.

त्याने आवाज वाढवला. लाटा पुन्हा आल्या. आणि पुन्हा ओसरल्या. हळूहळू, कुणीतरी बोटाने बेताबेताने कमी करावा तशा. मग शून्य.

बिघाड असेल. असतात असले बिघाड. त्याने पुन्हा वाढवला.

पुन्हा शून्य. या वेळी लगेच. जरा रागाने.

आत काका घोरत होते.

मग स्क्रीन मंदावली. एक पायरी... आणखी एक. दाराच्या फटीवर पडलेली उजेडाची रेघ बारीक होत गेली... आणि मिटली.

ढापण्याने दोन्ही हात मांडीवर घेतले. माउस टेबलावर होता. कीबोर्ड टेबलावर होता. त्याला कुणीही शिवलेलं नव्हतं.

चौकटीत कर्सर लुकलुकत होता.

एक अक्षर उमटलं.

थांबलं.

दुसरं अक्षर. चुकलं असावं... पुसलं गेलं. पुन्हा उमटलं. सवय नसलेलं माणूस एका बोटाने शोधून शोधून लिहितं ना, तसं. कीबोर्डचं एकही बटण हलत नव्हतं. मानेमागे... नाही, श्वास नव्हता. काहीच नव्हतं. पण पाठीमागे कुणी उभं असलं की आपण जसे जरा बाजूला सरकतो, तसा तो खुर्चीत सरकला. आपोआप.

नाव पुरं झालं.

घोरणं थांबलं होतं.

आतलं दार उघडलं. काका. केस विस्कटलेले, डोळे अर्धे मिटलेले.

“हाक मारलीत का?”

“...नाही, काका.”

“मग कोणी...” ते पुढे आले. खुर्चीच्या पाठीला धरून वाकले. वाचलं.

“हे तुम्हाला कोणी सांगितलं?”

“कोणी नाही, काका. आपोआप उमटलं.”

“तीनला उठवताना हाक मारायची मला,” काका म्हणाले. “या नावानं. लग्न झाल्यापासून. दिवसाउजेडी कधी नाही, चारचौघांत तर नाहीच. माझ्या आईलासुद्धा ठाऊक नव्हतं हे.”

भिंतीवरच्या घड्याळाकडे दोघांनीही पाहिलं. किती वाजले होते ते मी सांगत नाही, तुम्हीच ओळखा.

मग ढापण्याचा बांध फुटला. “काका, काकूंचं बेट गेलं. नक्कल निघालीच नाही. माझ्या हातून गेलं. मला माफ करा.” पस्तिशी ओलांडलेला बाप्या, लहान पोरासारखा रडला. त्याला वाटलं, आता म्हातारा हात उगारणार.

काकांनी हात उगारला नाही. त्यांनी त्याला बाजूला केलं आणि स्वतः खुर्चीत बसले.

“सगळंच गेलं?”

“सगळं.”

“झाडं, पूल, ती टोपीवाली?”

“सगळं, काका.”

“म्हणजे तीही आता माझ्याबरोबर नव्यानंच उतरणार,” काका म्हणाले. डोळे वाहत होते, पण स्वर साधा होता. त्यांनी बटण दाबलं. होडीत एक छोटा माणूस उभा राहिला, डोक्यावर त्याचं नाव. होडी किनाऱ्याला टेकली. काकांनी त्याला चालवलं, तो थेट खडकावर आपटला. “थांब गं, शिकतो,” काका पुटपुटले.

ढापण्याने दार हळूच ओढून घेतलं आणि चार मजले पळत उतरला.

ते नाव काय होतं, ते त्याने मला सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही. दोघांतलं ते दोघांत. पण हा धंद्याचा माणूस, शांत कसा बसेल? त्याने तोच खेळ दुकानातल्या कॉम्प्युटरवर चढवला आणि नावाच्या चौकटीत मराठी अक्षरं लिहून पाहिली. नुसते रिकामे चौकोन उमटले. दुसऱ्या कॉम्प्युटरवर, तिसऱ्यावर, तेच. शेवटी त्याने खेळ बनवणाऱ्यांना विचारलं. त्यांचं उत्तर आलं, की आमच्या खेळात ही अक्षरं घातलेलीच नाहीत, त्यामुळे ती दिसणं शक्य नाही.

परवा तो काकांकडे जाऊन आला. बेटावर आता झोपडी उभी राहिली आहे, दोन रोपंही लागली आहेत. छोटा माणूस दाराशी उभा होता. आणि त्याच्या डोक्यावर ते नाव होतं... काना-मात्रेसकट, स्वच्छ मराठीत.