शेडमधलं एक मिनिट

माएल आणि लोइकची ओळख भांडणातून झाली. फ्रान्समधल्या कांकाल बंदराच्या धक्क्यावर पाऊस भुरभुरत होता. माएल आपल्या पहिल्या सिनेमासाठी जागा शोधत हिंडत होती, आणि हेडफोन लावलेला एक उंच माणूस तिच्यावर खेकसला, "ओ बाई, बूट वाजतायत तुमचे! मी पावसाचा आवाज घेतोय!"

"मग पावसाला सांगा ना, जरा मोठ्यानं पड म्हणून."

तो हसला... आणि तिच्या पहिल्या चारही सिनेमांचा आवाज त्यानंच घेतला.

त्या चार सिनेमांमुळे माएलचं नाव झालं. तिची तऱ्हा ठरलेली. नटांऐवजी मासेवाल्या, नर्सबाई, बसचालक; दिव्यांऐवजी दिवसाचा उजेड, लांबलचक शॉट. आणि प्रेमाची कबुली कुणीच द्यायची नाही! पॅरिसचे समीक्षक याला संयम म्हणत. खरं तर तिला ते वाक्य जमतच नव्हतं. लोइकसमोर तर मुळीच नाही.

पाचव्या सिनेमाच्या शेवटच्या दिवशी, शिंपल्यातली कालवं धुवायच्या शेडमध्ये वायरी गुंडाळता गुंडाळता लोइक म्हणाला, "सोमवारी माँट्रियालला चाललोय. तीन वर्षांचं काम आहे."

"बरं झालं. तिथं बूट न वाजवणारी माणसं भेटतील."

"इथं अडवणारं कुणी नाही ना... म्हणून हो म्हटलं."

माएल वायरीचं दुसरं टोक गुंडाळू लागली. तोंडातून एवढंच निघालं, "मफलर ने, थंडी असते तिथं."

आता एकच काम उरलं होतं. जागा सोडण्याआधी लोइक तिथली शांतता मिनिटभर टिपून घेई. संकलनात दोन संवादांमधल्या फटी भरायला ती लागते. त्या मिनिटात जो आवाज करील त्यानं सगळ्यांना वाइन पाजायची, हा माएलचाच दंडक.

"शांतता!" लोइकनं हाक दिली.

वीस माणसं जागच्या जागी थिजली. छपरातून थेंब गळत होते. लोइक डोळे मिटून ऐकत होता. एवढा कान देऊन तो आपलं पुन्हा कधी ऐकणार?

"लोइक... जाऊ नकोस. माझं प्रेम आहे तुझ्यावर. धक्क्यावर खेकसलास ना, तेव्हापासून."

कॅमेरावाली फिस्सकन हसली. लोइकचे कान लाल झाले, पण हेडफोन काही त्यानं काढले नाहीत.

"वाइन तुझ्याकडे लागली," तो म्हणाला. "आणि मिनिट वाया गेलं. पुन्हा घ्यावं लागेल."

"घे ना... मी पुन्हा बोलेन."

"आज नको," लोइक म्हणाला. "सोमवारी घेऊ."