पुठ्ठ्यावरचा देव

"पटकथा गेली म्हणजे मीच गेलो," देवमन म्हणाला आणि लोखंडी पेटी त्याने पुन्हा उपसली.

मुंबईत आठ वर्षं देवादिकांचे चित्रपट लिहून हा लेखक विटला होता. गावी परतून, तीन वर्षं खपून त्याने एकदाची मनातली गोष्ट लिहिली. तिची दुसरी प्रत नव्हती. निर्मात्याची तार आली होती : सोमवारी कथा आणा, नाहीतर दुसरा लेखक पाहतो.

गुप्तहेर खुशालराव पेटीत डोकावले. साध्या पुठ्ठ्यांच्या चार पौराणिक पटकथा जागेवर होत्या. कुलूप शाबूत, किल्ली खुंटीला.

"हरवलेली कशी होती?"

"जुन्या चित्रपटाचा पुठ्ठा चढवला होता. वर देवाचं रंगीत चित्र, खाली जुनं नाव. घरात कोणालाही बोललो नाही. चंद्रभानने मागे माझी एक गोष्ट उचलली होती ना!"

अकोल्याचा हा लेखकमित्र घरीच मुक्कामाला होता.

"पेटी उघडली म्या, खोटं काहून बोलू?" चंद्रभान गुरकावला. "समद्या जुन्याच निघाल्या. चित्रवाली तं म्या थेटरात पाह्यली हाय. तशीच ठेवली."

"हाच चोर!" खुशालरावांचे मित्र पंजाबराव उद्गारले. त्यांचा संशय नेहमी असाच झटपट पक्का होई आणि हटकून चुके.

देवमनची बायको ललिता शाळेत शिकवत असे. "ह्यांच्या कागदांना मी हात लावत नाही," एवढंच ती म्हणाली.

आई केशरबाई मजुरीने राठ झालेल्या हातांनी स्वयंपाकघरात भाकरी थापत होत्या. भिंतीवरच्या कॅलेंडरात नुसत्या तारखा उरल्या होत्या. वरचं चित्र कात्रीने कापलेलं होतं.

"काल मी कौंडण्यपूरले बहिनीकडं गेल्ती," त्या म्हणाल्या. "धम्माची दीक्षा घेतली तवा घरातले देव तिथंच नदीत सोडले आमी. सूनबाई, ते तार अजून एकदा वाच वं. मले कुठं अक्षर येते!"

खुशालराव देवमनला ओसरीवर घेऊन आले. त्यांना हे सांगणं जड जात होतं.

"वाचता येणाऱ्याला तुम्ही बरोबर फसवलंत. चंद्रभान चोरीच्याच इराद्याने आला होता, पण नाव वाचून त्याने ती सोडली. ललिताबाईंनाही ती जुनीच वाटली असती. त्या पटकथेला हात लावील तो नाव वाचता न येणारा, फक्त चित्र पाहणारा. कॅलेंडरावरचा देव ज्यांनी घरात ठेवला नाही, त्या पेटीतला कसा ठेवतील? काल केशरबाई त्याच नदीच्या गावी गेल्या होत्या."

"म्हणजे घरात राहिल्या त्या चारही देवांच्या," पंजाबराव पुटपुटले, "आणि बुडाली ती एकच बिनदेवाची."



तेवढ्यात केशरबाई चहा घेऊन आल्या. "गावली काय रे तुयी नवी गोष्ट?"

खुशालरावांनी तोंड उघडलं. देवमनने त्यांचा हात दाबला.

"गावली, माय."

"बरं झालं बापा! कायची हाय?"

"एका बाईची. नवरा मेल्यावर ती मजुरी करून पोराले शिकवते."

केशरबाई मनापासून हसल्या. "असा पिच्चर कोन पाहीन रे?"

देवमनने त्यांच्या हातातून चहाचा कप घेतला. त्या सोमवारी तो मुंबईला गेला नाही, आणि का गेला नाही, हे त्याने आईला कधीच कळू दिलं नाही.