पाकिटातला घोटा

संगणकीय खेळ परीक्षण केंद्राच्या प्रयोगशाळेत सकाळपासून पाकिटं फुटत होती. कागद फाटत नव्हता, आवाजही होत नव्हता. भिंतीवरच्या पडद्यावर केंद्राने चाचणीसाठी उभे केलेले काही बनावट ग्राहक ‘महाकबड्डी’ या खेळाची कार्डांची पाकिटं विकत घेत होते, उघडत होते, आणि त्यातून काय निघतं ते डॉ. वृंदा साखवळकर बघत होती.

कायद्याने केंद्राला एकच प्रश्न विचारला होता. पाकीट घेणाऱ्याला पैशाच्या बदल्यात उपयोगाचं काही मिळतं का? ‘मिळतं’ असा निर्णय झाला तर विक्री चालू राहणार होती. ‘मिळत नाही’ असा झाला तर तो जुगार ठरून विक्री त्याच दिवशी बंद होणार होती. कंपनीने जाहीर केलं होतं की इतक्या पाकिटांमागे एक हिरा कार्ड, इतक्यांमागे सोनेरी, बाकीची साधी. पडद्यावर नेमकं तेच दिसत होतं. आकडे चोख होते, आणि चोख आकडे वृंदाला कधीच आवडत नसत.

दुपारी तक्रार घेऊन एक माणूस आला. दारातून आत येताना त्याला जरा वाकावं लागलं. सागरवीर संघाचा चढाईपटू धीरज भोईर. त्याचा चेहरा शहरातल्या निम्म्या जाहिरातफलकांवर होता.

“मॅडम, माझी बदनामी चाललीय,” तो खुर्चीत बसायच्या आधीच म्हणाला.

“कोण करतंय?”

“तुमच्या त्या पडद्यावरचे. हिरा कार्ड म्हणजे दुर्मिळ, बरोबर? गेल्या महिन्यापर्यंत मी कुणाला निघालो तर लोक पेढे वाटायचे. काल पेणला एक रिक्षावाला म्हणतो, भोईर, तू मला तीनदा निघालास, एक परत घेतोस का?”

वृंदाला हसू आवरलं नाही. धीरज हसला नाही.

“रविवारी अंतिम सामना आहे. त्यानंतर माझा नवा करार. नेमकं आत्ताच माझं कार्ड भाजीसारखं स्वस्त होतंय. कंपनी आणि संघमालक मिळून माझा भाव पाडतायत, दुसरं काय?”

तो गेल्यावर वृंदा पडद्यासमोर उभी राहिली. जाहीर प्रमाण कार्डाच्या प्रतीचं होतं, हिरा, सोनेरी की साधं, म्हणून तिने प्रतच तपासली होती. हिऱ्यांमध्ये कोणता खेळाडू किती वेळा निघतो, हे कायद्याने विचारलं नव्हतं आणि केंद्रातल्या कुणीच पाहिलं नव्हतं. आता तिने ते पाहिलं. हिरा कार्डांमध्ये धीरज भोईरचा महापूर आला होता.

मग तिने मागच्या हंगामाची नोंद उघडली. असा पूर आधी तीन खेळाडूंचा आला होता. तिघेही त्यानंतर थोड्याच दिवसांत जायबंदी झाले होते. दोघांचा घोटा, एकाचा गुडघा. त्यातला एकजण आता कुडाळला मोबाइलचं दुकान चालवत होता.

करार आणि भाव बाजूला राहिले. धीरजच्या पायाचं काय होणार, हे कुणाला तरी आधीच माहीत होतं.

दुसऱ्या दिवशी तिने कंपनीच्या अभियंत्याला बोलावून घेतलं. फिरोज मुजावर मूळचा मिरजेचा, शांत माणूस. पाकिटात कोणतं कार्ड जायचं ते ठरवणारं ‘वाटपयंत्र’ त्यानेच लिहिलं होतं.

“मला सोप्या शब्दांत सांगा,” वृंदा म्हणाली. “तुमच्या यंत्राला काय हवं असतं?”

“कंपनीला कमी खर्च व्हावा, एवढंच. आमची कार्डं जिवंत आहेत, मॅडम. खरा खेळाडू जसा खेळेल तसं त्याच्या कार्डाचं मोल वर-खाली होतं. आणि ग्राहकाने कार्ड परत केलं तर त्या दिवशीच्या मोलाइतकं आम्हाला द्यावं लागतं.”

“म्हणजे ज्याचं मोल पडणार आहे, तेच कार्ड आधी वाटून टाकलेलं बरं.”

“दुकानदार पिकलेले आंबे पुढे मांडतो, तसंच.”

“आंबा पिकलाय हे दुकानदाराला वास घेऊन कळतं. तुमच्या यंत्राला कसला वास येतो? खेळाडू छातीला दमपट्टी बांधतात, तिच्यात श्वास, नाडी, पायावरचा भार, सगळं नोंदलं जातं. ती नोंद तुमच्याकडे येते?”

“नाही. ती कबड्डी महासंघाच्या डॉक्टरांकडे जाते.”

“तुम्ही नाही म्हणणारच.”

फिरोजने यंत्राची नक्कल आणली होती. ती त्याने टेबलावर ठेवली. “माझ्या शब्दावर नका जाऊ. स्वतः बघा.”

वृंदाने आत जाणारी प्रत्येक वाट तपासली. कंपनीतून येणाऱ्या सगळ्या तारा तोडल्या आणि सामन्यांचे निकाल व कार्डांचं मोल एवढंच यंत्राला दिलं. दमपट्टीचा एक आकडाही नाही. मग पाकिटं भरायला सांगितलं. यंत्राने पुन्हा धीरज भोईरच निवडला.

“त्याला धीरजच्या पायातलं काही माहीत नाही,” ती हळू म्हणाली. “तरी मागच्या तिन्ही वेळा ते बरोबर ठरलं. योगायोग?”

“मलाही आवडत नाही तो शब्द,” फिरोज म्हणाला. “आणखी एक गोष्ट आहे. महिलांच्या स्पर्धेतही हेच यंत्र चालतं. तिथेही त्याने सुरुवातीला तसेच पूर आणले. पण तिथे एकही खेळाडू पडली नाही. हळूहळू यंत्राने तिथे हा प्रकार सोडून दिला.”

यंत्र तेच, खेळ तोच, पकडीही त्याच. मग महिलांच्या स्पर्धेत वेगळं काय होतं? वृंदाने धीरजला फोन लावला आणि कारण न सांगता तेवढंच विचारलं.

“वेगळं? त्यांच्या शिबिरात शिस्त फार. सामन्याच्या आठवड्यात व्यवस्थापक मॅडम सगळ्यांचे फोन काढून घेतात. आम्हाला कोण विचारतंय! आमच्याकडे खोलीत बसून पाकिटं फोडायचा कार्यक्रमच असतो.”

“कशासाठी?”

“समोरच्या संघातला कोण सारखा निघतोय ते बघायला. जो सारखा निघतो त्याचा पाय गेलेला असतो, हे सगळ्यांना माहीत आहे. मग त्याच्याच घोट्यावर जायचं. मागच्या वर्षी त्या कुडाळच्या...” धीरज थांबला. “मॅडम, मी सारखा निघतोय.”

“हो.”

“माझा पाय चांगला आहे.”

“त्या तिघांचेही चांगलेच असावेत,” वृंदा म्हणाली. “तुम्ही या इकडे.”

तासाभरात तो आला. त्याच्यासमोर फिरोजने सगळं मांडलं. पहिला पूर बहुधा निव्वळ अंदाजाने आला असणार. तो पाहून प्रतिस्पर्धी त्या खेळाडूच्या पायावर तुटून पडले. पाय मोडला, मोल पडलं, यंत्राला फायदा झाला. यंत्र एवढंच शिकलं की कार्डाचा पूर आणला की मोल पडतं. का पडतं, हे त्याने विचारलं नाही आणि कुणी त्याला सांगितलंही नाही. आता ज्याचं पडणं सर्वांत मोठं, त्यालाच ते निवडत होतं.

“म्हणजे ते भविष्य सांगत नाही,” धीरज म्हणाला. “सुपारी देतंय.”

“त्याला ते माहीत नाही,” फिरोज म्हणाला.

“माझ्या घोट्याला काय फरक पडतो?”

वृंदाने निर्णयाचा कोरा मसुदा उघडला. “पाकिटात काहीही माहिती नाही, हे मी आजच जाहीर करते. विक्री बंद होईल.”

“आज शुक्रवार आहे,” धीरज म्हणाला. “रविवारी समोर कृष्णाकाठ संघ आहे, त्यांच्या पोरांनी पाकिटं केव्हाच फोडलीत. तुमचं पत्रक वाचून ते काय म्हणतील? भोईरला वाचवायला सरकार धावलं, म्हणजे नक्कीच पाय गेलाय.”

“मग खेळू नका.”

“नाही खेळलो तरी कार्ड पडणार. तरी तुमचं यंत्र खरंच ठरणार.” तो उठून खिडकीशी गेला, आणि वळला तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर वृंदाला न आवडणारं हसू होतं. “मॅडम, सोमवारपर्यंत काही जाहीर करू नका. त्यांना वाटतंय पाय गेलाय. कोणता, ते पाकिटात नसतं. ते मी ठरवतो.”

केंद्राच्या नियमात हे बसत नव्हतं. पण नियमात धीरजचा पायही कुठे नव्हता. तिने मसुदा मिटला.

रविवारी धीरज मॅटवर उतरला तो डाव्या पायाने किंचित लंगडत. प्रयोगशाळेतून तो कसा ताठ चालत गेला होता ते वृंदाने पाहिलं होतं, तरी टीव्हीसमोर ती खुर्चीच्या कडेला सरकली. पहिल्याच चढाईत कृष्णाकाठचा कोपऱ्यातला पकडपटू त्याच्या डाव्या घोट्यावर झेपावला. घोटा तिथे नव्हता. धीरज उजवीकडून दोघांना शिवून मध्यरेषेपलीकडे पोहोचलाही होता. पुढच्या चढाईत तेच. सातही जण एका पायाकडे बघत होते आणि दुसरा पाय त्यांना लुटत होता. मध्यंतराआधीच कृष्णाकाठवर दोन लोण चढले.

सामना संपल्यावर मुलाखत घेणारीने विचारलं, “या विजयाचं रहस्य काय?”

“पाकिटं,” धीरज घाम पुसत म्हणाला. “ज्याला कबड्डी कळते त्याने फोडून बघावीत. त्यात सगळं असतं.”

वाक्य त्याला आयत्या वेळी सुचलं की कुणी आधी हातात दिलं, हे वृंदाला समजलं नाही. सोमवारी ते जाहिरातफलकांवर होतं. पाकिटांचा खप असा वाढला की विक्रीची यंत्रणा काही काळ बंद पडली.

निर्णय लिहायची मुदत त्याच दिवशी संपत होती. वृंदा मसुद्यासमोर बसली. पाकिटाला कशाचंही ज्ञान नाही, हे ती सिद्ध करू शकत होती. पण कायद्याने ज्ञानाबद्दल विचारलंच नव्हतं. विचारलं होतं, घेणाऱ्याला उपयोगाचं काही मिळतं का? पाकिटं बघून संघांनी तीन खेळाडू संपवले होते. पाकिटं बघून एकाने अंतिम सामना जिंकला होता. दोन्हीकडे कुणाच्या पायावर झेप पडणार ते कळलं होतं, आणि त्याचा उपयोग झाला होता. ‘मिळत नाही’ असं लिहिलं तर ते खोटं ठरलं असतं. फिरोजच्या कंपनीच्या वकिलाने ते एका सुनावणीत खोडून काढलं असतं.

तिने ‘मिळतं’ असं लिहिलं. खाली धोक्याबद्दल वेगळी टीप जोडली आणि सामन्याआधी फोन काढून घेण्याची शिफारस केली. टीप दुसऱ्या विभागाकडे जाणार होती. शिफारस संघमालकांकडे, आणि त्यांना कार्डांच्या विक्रीतला हिस्सा मिळत होता.

निर्णय गेला आणि नियमाप्रमाणे बनावट ग्राहकांची खाती बंद झाली. यंत्राची नक्कल परत गेली. संध्याकाळी तिने फिरोजला फोन केला.

“यंत्राने धीरजला सोडलं का?”

“सोडलं. तिथे तोटा झाला ना.”

“आता कुणाला धरलंय?”

“मॅडम, मला बोलायला बंदी आहे. निर्णय लागलाय, आता तुम्ही बाहेरच्या.” तो अडखळला. “पाकीट घ्या. कळेल.”

वृंदाने आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या पैशांनी पाकीट घेतलं. मग आणखी काही. पुढचा कोण हे कळायचा दुसरा मार्गच उरला नव्हता, आणि निर्णयात तिने लिहिलं होतं तेही नेमकं हेच होतं. हिऱ्यांमध्ये पुन्हा पुन्हा एकच चेहरा येत होता. बळवंत मगदूम, अनुभवी चढाईपटू, शेवटचा हंगाम खेळणारा, पुढच्याच आठवड्यात दुसऱ्या स्पर्धेत उतरणारा.

महासंघातल्या ओळखीने नंबर मिळाला. घंटा वाजत असताना काय बोलायचं याची ती जुळवाजुळव करत होती. सांगितलं तर तो पाय जपत उतरेल, आणि जपलेला पाय मॅटवर सगळ्यांना दिसतो. नाही सांगितलं तर समोरचे सातजण त्याच्याआधीच सगळं जाणून बसलेले. धीरजसारखं नाटक त्याला जमेल का? आणि आता ते नाटक कुणाला माहीत नाही?

“हॅलो,” पलीकडून जाड, दमलेला आवाज आला. मागे तान्हं मूल रडत होतं.

“मगदूमसाहेब, मी परीक्षण केंद्रातून डॉ. साखवळकर बोलतेय. तुमचा पाय...”

“हां, पाकिटांचंच ना? सकाळपासून तेच चाललंय, ताई. सासऱ्यांनी फोन केला, शाळेतल्या मास्तरांनी केला. मला काही दुखत नाही हो. तरी दोन्ही पायांना पट्टे बांधून बसलोय.” मग फार अदबीने त्याने विचारलं, “तुम्ही सरकारी माणसं. यातला कोणता जाणार, तेवढं सांगाल का?”