मोहाखालचं रीळ

मेघाला फिल्म करायला कॅमेरा लागत नसे. ती कोरं रीळ मातीत पुरून ठेवी. ओल, मुळं आणि किडे त्यावर जे कोरतील, तेच तिचं चित्र. त्यासाठीच ती नागपूरहून आंधळगावला आली आणि जागेश्वरच्या घरी भाड्यानं राहिली. घरात तो आणि त्याचा धाकटा भाऊ चंद्रकुमार, दोघंच. बायको शालू साकोलीच्या कोण्या ड्रायव्हरसोबत पळून गेली, असं जागेश्वर सांगे.

"कुठंबी पुरा बाई," तो म्हणाला होता. "फक्त बोडीच्या पाळीवर, मोहाच्या झाडाखाली नोको. साप हायेत तिथं."

पण तळ्याकाठची ती काळी, चिकट माती मेघाच्या मनात भरली. भाऊ धानात गुंतलेले पाहून तिनं रीळ नेमकं तिथंच पुरलं.

महिन्याभरानं तिनं ते काढलं, धुतलं, वाळवलं. भर दुपारी खोलीची दारं-खिडक्या लावून प्रोजेक्टर सुरू केला. जागेश्वरही गंमत पाहायला येऊन बसला. भिंतीवर हिरवे-तांबूस डाग वाहू लागले. मग मुळांसारख्या रेघा. हळूहळू त्या रेघा जुळल्या आणि हाताचा पंजा झाला. मनगटात बांगड्या. बोटं रोवत, चिखल उकरत तो वर येत होता.

खोलीत गाळाचा वास दाटला.

"कुठं... कुठं पुरलं व्हतं हे?"

"मोहाखाली."

जागेश्वर उठला, पण त्याचे पाय हलेनात. "शालू... माहेरीच तं जात व्हती तू... मी कायले मारलं वो तुले..."

मेघानं घाबरून बटण बंद केलं. दिवा विझला. भिंतीवरचा पंजा मात्र वाढतच राहिला. मग सगळा काळोख, आणि कोणीतरी ओले घास गिळत असल्याचा आवाज...

तिनं धडपडत दार उघडलं. जागेश्वर निपचित पडला होता. तोंडात, पार घशापर्यंत काळा गाळ.

पोलिसांनी मोहाखाली खणलं. शालूची हाडं निघाली. "मले काईच मालूम नव्हतं," चंद्रकुमार रडत रडत सगळ्यांना सांगत राहिला.

निघताना मेघानं सामान बांधायला घेतलं. रीळ अर्धंच चाललं होतं. उरलेली पट्टी तिनं खिडकीच्या उजेडात धरली. शालूचे दोन्ही पाय कोणीतरी दाबून धरले होते. पुढच्या चौकटीत त्याचा चेहरा वर वळला होता.

"बाई..."

तिनं मान फिरवली. दारात चंद्रकुमार उभा होता.

"ते जाळून टाका बाई..."

बोलता बोलता त्याच्या ओठांच्या कडेतून काळा गाळ ओघळला. त्यानं तो बाहीनं पुसला. पुन्हा आला.