चोरलेली खूण

लॉस एंजेलिसमध्ये पाऊस पडत नाही, पाडावा लागतो. त्या दिवशीही चार माणसं रबरी नळ्या घेऊन शिड्यांवर चढली होती आणि खालून ओपल डनिगन ओरडत होती, "अहो मॅनेजर! टोपीला मघाशी डावा हात लावलात, आता उजवा?"

मूकपटांचा जमाना तो. एकच दृश्य दहा वेळा घ्यायचं, आणि तुकडे जुळावेत म्हणून कोणाचा कुठला हात कुठे होता, ते टिपायचं ओपलचं काम. तिच्या नजरेतून माशी सुटत नसे. चुकून सुटलीच, तर परत येऊन नाव सांगून जाई.

समोर होता ऑगी क्रेमर. वीस वर्षं बेसबॉल खेळला, मग संघाचा मॅनेजर झाला, आणि आता सिनेमात मॅनेजरचंच काम करत होता. चेंडू झेलून बोटं इतकी वाकडी, की त्यानं रस्ता दाखवला तर पाच माणसं पाच गावांना पोचत.

"एकच खूण दोनदा?" तो थक्क झाला. "मिस, मैदानात माझ्या खुणांवर पोरं पळतात, थांबतात. सारख्या बदलाव्या लागतात. समोरचे, दुसऱ्या संघातले, चोरतात!"

"समोरचे? ते आमचे सुतार आहेत. गणवेश घातलेले."

"सुतारांचा तरी काय भरवसा..." तो हसला. ओपलच्या पेन्सिलीचं टोक मोडलं — उगाचच.

तीन आठवडे हेच. तो हात बदलायचा, ती रागवायची. दुपारी सॉसेज-पाव खाताना ती विचारायची, "यातली खरी खूण कुठली?"

"ते बायकोलासुद्धा सांगायचं नसतं."

"बायको आहे?"

"नाही... म्हणूनच सांगितली नाही."

पण वही ओपलची होती. एकशे बारा खुणा टिपल्यावर तिला उमगलं: टोपी, कान, नाक, सगळं सोंग. पट्ट्याला हात लावला, की त्यानंतरची तेवढी खरी. आणि तळवे खाली दाबले, की पळणारा जागच्या जागी थांबतो.

शेवटच्या दिवशी ऑगी तार घेऊन आला. टोलेडोचा संघ बोलावत होता. पाचची गाडी.

"जाणार तुम्ही?"

"इथं थांब म्हणणारं कोण आहे मला?" त्यानं नजर चुकवली.

शेवटचं दृश्य झालं. त्यानं बॅग उचलली. नळ्या अजून चालूच होत्या. ओपलनं वही खुर्चीवर टाकली — जन्मात पहिल्यांदा — आणि सरळ पावसात शिरली. केसांना हात लावला. कानाला. नाकाला. मग पट्ट्याला...

आणि दोन्ही तळवे खाली दाबले.

ऑगी जागच्या जागी थांबला.

"कुठून आणलीस ही खूण?"

"चोरली. समोरचे चोरतात ना?"

"माझी खूण न पाळणाऱ्याला मी दुसऱ्या दिवशी खेळू न देता बाकावर बसवायचो, ओपल."

"मग?"

"मला बाकावर बसायची सवय नाही." त्यानं बॅग डबक्यातच ठेवली आणि तिचा हात धरला. दिग्दर्शक भोंग्यातून ओरडत होता, "नळ्या बंद करा!" एकाही शिडीवरचा माणूस हलला नाही.

ओपलनं खाली पाहिलं. ती वाकडी बोटं तिच्या बोटांत अगदी नीट बसली होती.

"डावा हात," ती म्हणाली. "लक्षात ठेव. उद्याही हाच... नाहीतर जुळणार नाही."